येथे जागा सोडली आहे

ओर्वासच्या मिठागरांपलीकडे समुद्र
दिवसातून तीनदा चढतो. तीन चंद्र आहेत, तिघांचं पटत नाही.
तिथल्या दिव्याच्या मनोऱ्यात ती पोथी ठेवलीय,
वामीच्या कातड्यावर लिहिलेली.
खारं वारं तिला चाळीस वर्षांत खाऊन टाकतं,
म्हणून चाळीस वर्षांनी कुणीतरी बसायचं
आणि ती उतरवून काढायची.

लांबून गलबतं येतात. खलाशी म्हणतात, मंत्र आहेत तिच्यात.
मी वाचलीय. आठव्या पानावर
दोन बहिणींचं भांडण आहे, एका होडीवरून.
पुढे कालवं उकडण्याची रीत.
पुढे कुठल्याशा मेलेल्या राजाची थकबाकी,
मग एकदम, मध्येच, तारे.
जग तिच्यात असं सांगितलंय, आठवेल तसं,
आणि जेवढं तिच्यात आहे तेवढंच बाहेर आहे.

मेहनताना बरा: माशाचं तेल, लोकर, वर्षाला एक बकरी.
अट कुणी लेखी देत नाही.
जो शब्द पानावर उतरेल
तो उतरवणाऱ्याच्या जिभेवरून उतरेल.
हाताचं खातं वेगळं; हात लिहू शकतो,
म्हणून हे लिहिते आहे.

ओथ्वेलानं शब्द दिला होता. एकेक करून सगळेच दिले.
आधी मीठ गेलं. जेवताना ती नुसती
बोटं चोळून दाखवायची.
मग दार गेलं, मग सासू
(त्याचं तिला फारसं वाईट वाटलं नाही),
मग लोकर, काल, जांभई.
ज्या हिवाळ्यात तिची कंबर धरली
त्याच्या आधीच 'दुखतं' गेलेलं.
ती भिंतीकडे तोंड करून पडायची
आणि मी ओळखायचं.

मी तिला सापडले मिठाच्या रिकाम्या गोणीत.
नाव तिनंच ठेवलं. कुठून आणलं, सांगायची नाही.
शेवटी तिच्याकडे तेवढाच एक शब्द उरला.
भूक लागली की माझं नाव. दिवा विझतोय, माझं नाव.
तिन्ही चंद्र एकदम वर आले त्या रात्री
ती खिडकीशी उभी राहून तेच म्हणाली, हळू,
मी शेजारीच आहे हे तिच्या लक्षातही नव्हतं.

आता पाळी माझी.
एकशे तेराव्या पानावर, ओळीच्या मधोमध,
करंगळीएवढी कोरी जागा.
समासात तिचं तिरपं अक्षर:
येथे जागा सोडली आहे.

तिच्याही आधीची प्रत तळघरात आहे, अर्धी विरघळलेली.
दिवा जवळ धरून लावली.
'पाणी मागे सरल्यावर वाळूवर जी ओली रेघ उरते, तिला म्हणतात'
आणि माझं नाव.

मी या किनाऱ्यावर वाढले. अशी रेघ कधी पाहिली नाही.
इथे समुद्र जातो तो
ताट चाटूनपुसून उठल्यासारखा.
आम्हाला वाटायचं, समुद्राची रीतच ती.

चार दिवस मी पान उलटलं नाही.
बकरीची धार काढली. बोरू तासला, पुन्हा तासला.
गेलेल्या माणसानं राखून ठेवलेली वस्तू
खर्च करावी की करू नये,
हे पोथीत कुठेच नाही.
पाचव्या दिवशी शाई सुकत आली होती.

सकाळी पोरं ओरडत खाली धावली.
वाळूवर एक ओली, वाकडी रेघ,
कडेला फेसाचे दाणे,
मिठागरांपासून थेट काळ्या खडकापर्यंत.
ह्याला काय म्हणायचं, ह्याला काय म्हणायचं,
मनोऱ्याकडे माना वर करून विचारत होती.

मी तोंड उघडलं. मिटलं.
अनवाणी जिना उतरले
आणि तिच्यावर जाऊन उभी राहिले.